पदवीचे मोल आणि कामाचे मोल

आपल्या संस्थेच्या गुणगौरव समारंभानंतर चहापानाच्या वेळी झालेला एक संवाद या लेखाला निमित्त ठरला. शिरोली औद्योगिक वसाहतीतील एका फौंड्रीत तीस वर्षे मोल्डिंग खात्यात काम केलेले आपले एक ज्येष्ठ सभासद म्हणाले, "ज्या पोराला मी साचा कसा भरायचा हे हाताला धरून शिकवलं, तो आज माझ्या शेजारी तेच काम करतो आणि माझ्यापेक्षा जास्त पगार घेतो. का, तर म्हणे त्याच्याकडं डिप्लोमा आहे. ह्याला न्याय म्हणायचा का?" शेजारी बसलेल्या एका तरुणाने लगेच विचारले, "काका, मग आम्ही आईबापाचं कर्ज काढून शिकलो कशाला? शिकलेल्याला आणि न शिकलेल्याला सारखाच पगार द्यायचा असेल तर शिक्षणाला किंमत काय राहिली?"

दोघांच्याही बोलण्याला आजूबाजूच्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. घरी जाताना मात्र मनात आले की, दोघांचेही बरोबर कसे असू शकेल? आणि हा वाद परक्या दोन माणसांतला नाही. आपल्या समाजात तो बहुधा एकाच घरातला असतो. बाप बिगर मॅट्रिक आणि मुलगा पदवीधर, सासू सातवी पास आणि सून डी.एड., अशी आपली कुटुंबे आहेत. म्हणून हा प्रश्न भावनेवर न सोडता नीट समजून घ्यावा, या हेतूने प्रस्तुत लेख लिहीत आहे. मी कायद्याचा पदवीधर नाही. बँकेत कारकून आहे आणि बी.ए. झालो आहे. परंतु युनियनच्या कामामुळे वेतनविषयक निकाल वाचण्याची सवय लागली, तिचा उपयोग येथे करीत आहे.

घटनेत काय आहे?

"समान कामाला समान वेतन" हे शब्द आपण सभांमधून नेहमी ऐकतो. भारतीय राज्यघटनेच्या अनुच्छेद ३९ (घ) मध्ये पुरुष व स्त्रिया या दोघांनाही समान कामाबद्दल समान वेतन मिळावे, असे धोरण राज्याने आखावे असे सांगितले आहे. हा अनुच्छेद मार्गदर्शक तत्त्वांच्या भागात येतो. अनुच्छेद ३७ प्रमाणे ही तत्त्वे देशाच्या कारभारात मूलभूत आहेत, पण केवळ त्यांच्या आधारे न्यायालयातून अंमलबजावणी करून घेता येत नाही. याउलट कायद्यापुढील समानता (अनुच्छेद १४) आणि सरकारी नोकरीतील समान संधी (अनुच्छेद १६) हे मूलभूत हक्क आहेत. वेतनाचे बरेच मोठे खटले या तीन अनुच्छेदांच्या आधारे लढले गेले आहेत.

घटनेच्या या भागात "शिक्षण" हा शब्द वेतनाच्या संदर्भात आलेला नाही. शिक्षण कमीजास्त असेल तर वेतन कमीजास्त असावे की नसावे, याचे उत्तर घटनेने थेट दिलेले नाही. ते उत्तर न्यायालयांनी एकेका खटल्यातून दिले. त्यांतील दोन खटले आपण प्रथम पाहू. एकात कामगार हरला, दुसऱ्यात जिंकला.

ट्रेसरचा खटला

१ नोव्हेंबर १९५६ रोजी भाषावार प्रांतरचना झाली आणि हैदराबाद राज्याचे तीन तुकडे झाले. मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, तेलंगणा आंध्रात गेला आणि कानडी जिल्हे म्हैसूर राज्यात गेले. माणसांबरोबर सरकारी नोकरही वाटले गेले. पी. नरसिंगराव नावाचे एक ट्रेसर असेच हैदराबादेतून म्हैसूर राज्याच्या सेवेत आले. ट्रेसर म्हणजे अभियंत्याच्या नकाशाची पारदर्शक कागदावर किंवा कापडावर हुबेहूब प्रत काढणारा कर्मचारी.

पुढे म्हैसूर सरकारने ट्रेसरांचे दोन वर्ग केले. मॅट्रिक झालेल्यांना ५०-१२० रुपयांची श्रेणी आणि मॅट्रिक नसलेल्यांना ४०-८० रुपयांची. नरसिंगराव मॅट्रिक नव्हते. त्यांचे म्हणणे सरळ होते : नकाशा तोच, पेन तेच, टेबल तेच, मग पगार दोन का? म्हैसूरच्या उच्च न्यायालयाने त्यांचे म्हणणे मान्य केले. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९६७ साली निकाल फिरला. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, समानता म्हणजे सर्वांना एकाच मापाने मोजणे नव्हे. सारख्यांना सारखे वागवणे म्हणजे समानता. नोकरांची वाजवी वर्गवारी करण्यास घटनेची मनाई नाही, आणि अधिक शिक्षण हा वर्गवारीचा वाजवी आधार होऊ शकतो. सरकारला तांत्रिक पात्रतेखेरीज सर्वसाधारण शिक्षणाचाही विचार करता येतो.

हा निकाल आजही अशा वादांत सरकारी वकिलांचे हुकमी पान आहे. त्यामुळे "काम तेच आहे" एवढे एकच वाक्य घेऊन न्यायालयात जाणाऱ्या कामगाराने तो आधी वाचलेला असावा.

ड्रायव्हरचा खटला

पंधरा वर्षांनी, २२ फेब्रुवारी १९८२ रोजी रंधीर सिंग विरुद्ध भारत सरकार या खटल्याचा निकाल लागला. रंधीर सिंग हे दिल्ली पोलिस दलात ड्रायव्हर-कॉन्स्टेबल होते. तेथे मॅट्रिक नसलेल्या ड्रायव्हरला २१०-२७० आणि मॅट्रिक झालेल्याला २२५-३०८ अशी श्रेणी होती. रेल्वे संरक्षण दलाच्या ड्रायव्हरला मात्र २६०-४०० आणि अग्निशामक दलाच्या ड्रायव्हरला ३३०-४८० मिळत होते. गाडी तीच, रस्ता तोच, उलट पोलिसांच्या गाडीला वेळीअवेळी धावावे लागते. सरकारचे उत्तर एवढेच होते की, खाती वेगळी आहेत.

न्यायमूर्ती ओ. चिन्नप्पा रेड्डी यांच्या खंडपीठाने हे उत्तर मान्य केले नाही. समान कामाला समान वेतन हा स्वतंत्र मूलभूत हक्क म्हणून लिहिलेला नसला तरी ते घटनेचे ध्येय आहे, आणि अनुच्छेद १४ व १६ यांचा अर्थ अनुच्छेद ३९ (घ) च्या प्रकाशात लावला की ते न्यायालयातूनही मिळवता येते, असे न्यायालयाने स्पष्ट केले. दिल्ली पोलिसांच्या ड्रायव्हर-कॉन्स्टेबलना निदान रेल्वे संरक्षण दलाच्या ड्रायव्हरांइतकी श्रेणी १ जानेवारी १९७३ पासून देण्याचा आदेश झाला.

मॅट्रिक आणि बिगर मॅट्रिक हा भेदच न्यायालयाने घटनाबाह्य ठरवला, असे मात्र या निकालाचे वाचन करू नये. वाद मुख्यतः दोन खात्यांतील तफावतीचा होता. तरीही वरच्या श्रेणीचा आदेश ड्रायव्हर-कॉन्स्टेबल या पदासाठी झाला, आणि तुलना झाली ती स्टिअरिंगवरच्या कामाची.

मग नियम कोणता?

एकात हार, दुसऱ्यात जीत. यातून सामान्य माणसाने काय समजावे? पुढील निकाल पाहिले की न्यायालयाचा विचार हळूहळू उलगडतो.

जम्मू-काश्मीरच्या अभियंता सेवेत पदवीधर आणि पदविकाधारक असे दोन्ही प्रकारचे सहायक अभियंते होते. कार्यकारी अभियंतापदावर फक्त पदवीधरांनाच बढती, असा नियम झाला. त्रिलोकीनाथ खोसा यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या खटल्यात १९७३ साली न्यायमूर्ती य. वि. चंद्रचूड यांनी तो नियम वैध ठरवला, कारण वरच्या पदाच्या कामाला अधिक शिक्षणाची गरज आहे असे मानण्यास जागा होती. त्याच खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी एक इशारा दिला. गुणवत्ता ही मोजक्यांचीच मिरास आहे, असे मानून वर्गवारी करीत गेले तर तिचे शेवटी एका वर्गाच्या वर्चस्वात रूपांतर होते, असा त्याचा आशय आहे. आपल्यासारख्यांनी हा इशारा विसरू नये.

१९८९ साली दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेतील एका हिअरिंग थेरपिस्टने ऑडिओलॉजिस्टची श्रेणी मागितली. दोन्ही पदांची पात्रता आणि जबाबदारी वेगळी असल्याने ती नाकारली गेली. १९९४ च्या श्यामबाबू वर्मा खटल्यात औषधनिर्मात्यांचे दोन गट होते : एक पदविका घेऊन आलेला, दुसरा केवळ अनुभवावर नोंदणी झालेला. तिसऱ्या वेतन आयोगाने पहिल्याला ३३०-५६० आणि दुसऱ्याला ३३०-४८० ही श्रेणी दिली होती. न्यायालयाने ही वर्गवारी योग्य ठरवली. मात्र दुसऱ्या गटाला १९७३ पासून चुकीने वरची श्रेणी दिली गेली होती, त्यात कर्मचाऱ्यांचा दोष नव्हता, म्हणून दिलेली जादा रक्कम परत घेऊ नये असेही बजावले. पुढे २०१४ साली रफीक मसीह प्रकरणात तृतीय व चतुर्थ श्रेणी कर्मचाऱ्यांकडून अशी वसुली करू नये, हे तत्त्व न्यायालयाने अधिक स्पष्टपणे मांडले. आपल्यापैकी अनेकजण याच श्रेणींत काम करतात, म्हणून हे मुद्दाम नमूद करतो.

या सर्व निकालांतून तीन प्रश्न निघतात. पहिला, काम खरोखर तेच आहे का? पदाचे नाव एक असले म्हणजे काम एक होत नाही. जबाबदारी, जोखीम, अचूकता आणि विश्वासार्हता यांचाही विचार होतो. दुसरा, जादा शिक्षणाचा त्या कामाशी संबंध आहे का? औषधे हाताळणाऱ्याला औषधशास्त्राची पदविका असणे आणि दारावर उभे राहणाऱ्या पहारेकऱ्याला पदवी असणे, यात फरक आहे. तिसरा, वेतनातील अंतर त्या संबंधाच्या प्रमाणात आहे का? शेवटच्या प्रश्नात न्यायालये सहसा फार खोल जात नाहीत, ते काम वेतन आयोगावर आणि तज्ज्ञ समित्यांवर सोडतात. म्हणूनच तो प्रश्न युनियनने वाटाघाटीच्या टेबलावर मांडावा लागतो.

माझ्या काउंटरचे उदाहरण

वाटाघाटीतून काय साधते, याचे उदाहरण मला रोज दिसते. मी नोकरीला लागलो तेव्हा शेजारच्या काउंटरवर १९८० च्या दशकात मॅट्रिकवर लागलेले एक ज्येष्ठ सहकारी होते. खोटी नोट बोटाला कशी कळते, हे मला त्यांनी शिकवले. ते हसत हसत म्हणायचे, "बी.ए. झालं म्हणून नोटा लवकर मोजून होतात व्हय रं?" त्यांचा टोमणा खरा होता. त्यांच्याच बरोबर लागलेला पदवीधर कारकून त्यांच्यापुढे दोन वेतनवाढींनी होता, आणि नोटा मोजण्यात मात्र त्यांचा हात कोणी धरत नव्हते.

बँकांमध्ये वेतनाचा प्रश्न आधी निवाड्यांनी सुटत असे. १९५३ चा शास्त्री निवाडा आणि १९६२ चा देसाई निवाडा हे त्यांतील प्रमुख. १९ ऑक्टोबर १९६६ रोजी पहिला द्विपक्षीय करार झाला आणि तेव्हापासून युनियन व बँका समोरासमोर बसून वेतन ठरवू लागल्या. या व्यवस्थेत कारकुनाची वेतनश्रेणी एकच आहे. मॅट्रिकवाल्याची वेगळी आणि पदवीधराची वेगळी असे दोन जिने नाहीत. पदवीधराला दोन जादा वेतनवाढी आणि बँकिंग संस्थेच्या परीक्षा उत्तीर्ण झाल्यास आणखी वाढी, एवढाच फरक. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे नोकरीत असताना पदवी मिळवली तरी त्या वाढी मिळतात.

म्हैसूरच्या ट्रेसरची व्यवस्था आणि बँकेची व्यवस्था यांत जो फरक आहे तो येथेच. ट्रेसरला दोन वेगळे जिने होते आणि खालचा जिना ८० रुपयांवर संपत होता. बँकेत जिना एकच आहे, शिकलेला दोन पायऱ्या पुढे उभा राहतो, आणि मागच्याला त्या पायऱ्या चढायला मज्जाव नाही. शिक्षणाचा मानही राहतो आणि कामाचा अपमानही होत नाही. माझ्या त्या सहकाऱ्यांना पदवीसाठी सवड मिळाली नाही, घरची ओढाताण होती. निवृत्तीच्या समारंभात त्यांनी सांगितले की आपण घेतले नाही ते मुलीने घेतले, ती एम.कॉम. झाली. टाळ्या वाजल्या, पण त्या दोन वेतनवाढींची खंत त्यांच्या आवाजात होतीच.

शाळेचे उदाहरण

आपल्या समाजातील बरीच मुले-मुली शिक्षकी पेशात आहेत. २००० साली राज्यात शिक्षण सेवक योजना आली. पहिली तीन वर्षे मानधन आणि नंतर नियमित वेतनश्रेणी, अशी ती योजना. मानधनही स्तराप्रमाणे वेगळे : प्राथमिकला ३,०००, माध्यमिकला ४,०००, कनिष्ठ महाविद्यालयाला ५,००० रुपये. पुढे ते अनुक्रमे ६,०००, ८,००० व ९,००० झाले आणि २०२३ मध्ये १६,०००, १८,००० व २०,००० करण्यात आले. येथे डी.एड., बी.एड. आणि पदव्युत्तर पात्रता यांतील अंतर वर्गाच्या स्तराशी जोडलेले आहे, म्हणून ते समजण्यासारखे आहे. तक्रार वेगळीच होती. शेजारच्या वर्गावर तेवढीच पात्रता असलेला नियमित शिक्षक पूर्ण वेतन घेत असताना शिक्षण सेवकाने तेच काम मानधनावर करायचे.

दुसरे उदाहरण याहून बोलके आहे. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्यानंतर सहावी ते आठवीच्या वर्गांना पदवीधर शिक्षक लागू लागले. जिल्हा परिषदेच्या अनेक डी.एड. शिक्षकांनी नोकरी सांभाळून पदवी घेतली आणि ते या वर्गांना शिकवू लागले. परंतु अशा शिक्षकांपैकी ३३ टक्क्यांनाच पदवीधर वेतनश्रेणी, अशी मर्यादा घातली गेली. उरलेल्यांची पदवी तीच, वर्ग तोच, पुस्तक तेच, वेतन मात्र जुने. सर्वांना ही श्रेणी मिळावी ही मागणी शिक्षक संघटनांना वर्षानुवर्षे लावून धरावी लागली. येथे शिक्षणातील फरकाची सबबही उरत नाही. अधिक शिक्षणाला अधिक वेतन हे तत्त्व कामगाराला सांगायचे आणि तो शिकून आला की कोटा पुढे करायचा, याला न्याय म्हणता येणार नाही.

शिक्षणाची संधी कोणाला होती?

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. शिक्षणाच्या आधारे वेतनात फरक करणे रास्त ठरते, कारण शिक्षण मिळवणे प्रत्येकाच्या हातात आहे असे गृहीत धरलेले असते. हे गृहीत आपल्या बाबतीत किती काळ खरे होते? कोल्हापूरकरांना याचे उत्तर माहीत आहे. राजर्षी शाहू महाराजांनी २६ जुलै १९०२ रोजी संस्थानातील निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवल्या. पण जागा राखल्या तरी शिकलेली माणसे हवीत, हे ओळखून १९०८ साली अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठी मिस क्लार्क वसतिगृह सुरू झाले आणि १९१७ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत करण्याचा निर्णय झाला. शाळेचा दरवाजा बंद ठेवून शाळेचा दाखला मागणे हा अन्याय आहे, हे त्यांनी कृतीने दाखवले.

परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हाच अन्याय कारखान्यात आणि रेल्वेत दाखवून दिला. १२ व १३ फेब्रुवारी १९३८ रोजी मनमाड येथे जी.आय.पी. रेल्वेतील अस्पृश्य कामगारांची परिषद झाली. अस्पृश्य कामगार गँगमन म्हणून लागतो आणि गँगमन म्हणूनच निवृत्त होतो, पोर्टरची जागासुद्धा त्याला मिळत नाही, कारण पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरचे काम करावे लागते, याकडे त्यांनी लक्ष वेधले. मुंबईच्या गिरण्यांतही अधिक पगाराच्या विणाई खात्यात अस्पृश्यांना प्रवेश नव्हता. तेथे तर दाखल्याचाही प्रश्न नव्हता, जातच आड येत होती. समान कामाला समान वेतन हे तत्त्व तेव्हाच उपयोगी पडते, जेव्हा समान काम मिळण्याचा मार्ग मोकळा असतो. पुढे मजूरमंत्री असताना फेब्रुवारी १९४४ मध्ये मध्यवर्ती कायदेमंडळात बाबासाहेबांनी कोळसा खाणींतील स्त्रियांच्या संदर्भात समान कामाला समान वेतन या तत्त्वाचा उच्चार केला. घटनेतील अनुच्छेद ३९ (घ) ची पूर्वपीठिका अशी आहे.

१९४६ साली त्यांनी मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय काढले आणि तेथे नोकरी करणाऱ्यांना शिकता यावे म्हणून सकाळचे वर्ग भरवले. कामगाराला पदवी नाही म्हणून मागे ठेवू नका, आणि कामगारानेही पदवीवाचून राहू नये, ही दोन्ही सूत्रे त्यात एकत्र आली आहेत.

फौंड्रीतल्या काकांना काय सांगावे?

वरचे निकाल सरकारी नोकरीतील आहेत. खाजगी कारखान्याला अनुच्छेद १४ व १६ थेट लागू होत नाहीत. तेथे कामगाराचा आधार म्हणजे वेतन करार, औद्योगिक न्यायालय आणि वेतनाचे कायदे. स्त्री-पुरुष भेदाबाबत १९७६ चा समान वेतन कायदा खाजगी कंपन्यांनाही लागू होता. मुंबईच्या मॅकिनन मॅकेन्झी कंपनीतील स्त्री लघुलेखकांच्या बाजूने १९८७ साली सर्वोच्च न्यायालयाने याच कायद्याखाली निकाल दिला. तो कायदा आता वेतन संहिता, २०१९ मध्ये विलीन झाला असून ही संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली आहे. समान काम ठरवताना कौशल्य, श्रम, अनुभव व जबाबदारी पाहावी, असे तिच्या व्याख्येत आहे. त्या यादीत अनुभव हा शब्द आहे, हे लक्षात ठेवावे. मात्र तिच्यातील भेदभावाची बंदी लिंगभेदापुरती आहे. शिक्षणातील फरकाबाबत ती बोलत नाही.

किमान वेतनाच्या अधिसूचनांमध्ये अकुशल, अर्धकुशल व कुशल असे वर्ग असतात. कुशल कामगाराची जी व्याख्या सर्वसाधारणपणे दिली जाते, तिच्यात कामावरच्या अनुभवातून आलेले कौशल्य आणि संस्थेत शिकून आलेले कौशल्य या दोहोंना जागा आहे. तेव्हा तीस वर्षांचा मोल्डर केवळ आय.टी.आय. नाही म्हणून अर्धकुशल म्हणून दाखवला जात असेल, तर त्याने ती वर्गवारी तपासून घ्यावी. शिवाय २०१५ पासून कौशल्य विकास योजनेत आधीच अंगी असलेल्या कौशल्याची चाचणी घेऊन प्रमाणपत्र देण्याची सोय झाली. कंत्राटी व हंगामी सरकारी कर्मचाऱ्यांसाठी २६ ऑक्टोबर २०१६ चा जगजित सिंग निकाल महत्त्वाचा आहे. नियमित पदाचे सर्व काम करणाऱ्या हंगामी कर्मचाऱ्याला त्या पदाच्या श्रेणीचे किमान वेतन मिळाले पाहिजे, असे तो सांगतो. पण त्याच निकालात काम समान असल्याचे सिद्ध करण्याची जबाबदारी मागणाऱ्यावर टाकली आहे.

म्हणून प्रत्येक नोकरदाराने काही कागद जपावेत : नेमणुकीचा आदेश, पदाचे सेवाप्रवेश नियम, कामवाटपाचे आदेश, ज्येष्ठता यादी आणि ज्याच्याशी तुलना करायची त्या पदाची पात्रता व श्रेणी. सरकारी कार्यालयातून ही माहिती २००५ च्या माहिती अधिकार कायद्याने मागता येते. तक्रार प्रथम योग्य मार्गाने, लेखी आणि पोच घेऊन करावी. उशीर करू नये. चुकीच्या वेतननिश्चितीची दाद उशिरा मागता आली तरी थकबाकी सामान्यतः दावा दाखल करण्यापूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. आणखी एक सोय आता झाली आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ कोल्हापुरात सुरू झाले असून, उच्च न्यायालयातील याचिकेसाठी आपल्याला मुंबईची रात्रगाडी पकडण्याची गरज उरलेली नाही.

समारोप

चहापानाच्या वेळच्या त्या दोघांना मी आता उत्तर देऊ शकतो. तरुण मित्राला सांगेन : तुझ्या शिक्षणाला मोल हवेच. पण ते मोल कामात दिसले पाहिजे, आणि ज्याने तुला काम शिकवले त्याला खालच्या जिन्यावर कायम ठेवून ते मिळवायचे नाही. तुझ्या युनियनमध्ये त्याच्या वर्गवारीचा प्रश्न तूच मांड, तुला कागद वाचता येतात. काकांना सांगेन : शिक्षणाला वाढ मिळते म्हणून मुलांवर रागावू नका, तुम्हीच त्यांना शिकवले. तुमच्या अनुभवालाही कायद्यात जागा आहे, ती मागून घ्या.

विद्यार्थ्यांना एवढेच सुचवतो की, नोकरीला लागल्यावर शेजारच्या टेबलावर तुमच्यापेक्षा कमी शिकलेला माणूस असेल, तर तो कमी का शिकला हे एकदा त्याला विचारा. पुष्कळदा उत्तर आपल्याच घरातल्या कुणाच्या तरी गोष्टीसारखे निघेल. आणि तो नोकरी सांभाळून शिकू इच्छित असेल तर नाशिकच्या मुक्त विद्यापीठाचा अर्ज भरायला त्याला मदत करा. आपल्या संस्थेनेही रविवारच्या अभ्यासवर्गात विद्यार्थ्यांबरोबर अशा नोकरदारांसाठी एक बाक राखून ठेवावा, अशी मी कार्यकारिणीला विनंती करतो. त्यांना शिकवण्यासाठी दर रविवारी दोन तास द्यायला मी स्वतः तयार आहे.